पास्टी कुणाची वाट बघत होता

माझी बहीण नोलीन फेब्रुवारीतल्या एका बुधवारी सकाळी कपडे धुवायच्या खोलीत कोसळली. तिच्या काकाकुव्याने ओरडून ओरडून गल्ली डोक्यावर घेतली. शेजारची ग्लेनिस त्याला दम द्यायला मागच्या दाराने आत गेली, तर नोलीन फरशीवर पडलेली. ग्लेनिस मला नंतर म्हणाली, "कीथ, मी त्या पक्ष्याची मान मुरगाळायच्या तयारीत गेले होते रे. आणखी थोडा उशीर झाला असता तर ती हाताला लागली नसती."

नोलीन वाचली. पण उजवी बाजू गेली आणि बोलणं गेलं. तोंडात एकच शब्द उरला, 'नाही'. चहा हवा का, तर 'नाही', आणि कप पुढे केला की डाव्या हाताने ओढून घ्यायची. खिडकी उघडू का, तर 'नाही', आणि नाही उघडली की रागवायची. डॉक्टर म्हणाले, असं होतं, आत सगळं शाबूत असतं, फक्त शब्द सापडत नाहीत. सहा आठवडे हॉस्पिटलात काढल्यावर तिला इथेच, दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या पोर्ट पिरीतच, वृद्धाश्रमात खोली मिळाली. खिडकीतून शिशाच्या कारखान्याचं धुराडं दिसायचं. त्याच कारखान्यात मी छत्तीस वर्षं काढली, म्हणून मला वाटलं, तिला बरं वाटेल. का वाटावं, ते आता सांगता येत नाही.

पक्षी माझ्याकडे आला. दुसरं कोण होतं? नोलीनला मूलबाळ नाही, तिचा नवरा रॉन चौदा वर्षांपूर्वी गेला, आणि माझी बायको त्याच्याही आधी क्वीन्सलंडला निघून गेली होती, तीही माझ्यामुळेच. पक्ष्यांशी माझा संबंध भाजलेल्या कोंबडीपुरता. हा तर गलाह जातीचा, पाठ राखाडी, पोट गुलाबी, डोक्यावर फिकट तुरा. वय एकतीस. रॉनने आणला त्या पहिल्याच दिवशी त्याने रॉनच्या डब्यातली पास्टी, म्हणजे खिम्याची भाजलेली मोठी करंजी, पळवली, म्हणून नाव पास्टी पडलं. आमच्याकडे मूर्ख माणसालाही गलाहच म्हणतात, त्यामुळे त्या घरात कोण कुणाला हाक मारतंय ते कधी कळायचं नाही.

पहिले काही दिवस तो गप्प होता. मग नाचायला लागला. पिंजऱ्यातल्या दांडीवर तीन पावलं डावीकडे, मान वळवायची, तीन पावलं उजवीकडे. मी रेडिओ लावला तर नाच चालूच. मला इतका आनंद झाला की मी फोनवर त्याचं चित्रण केलं आणि क्लबात सगळ्यांना दाखवलं. ग्लेनिस बघायला आली, दारातच कंबरेवर हात ठेवून उभी राहिली आणि म्हणाली, "मजेत आहे की! नोलीनपेक्षा तूच मानवलास त्याला."

"मग काय," मी म्हटलं. "दिवसभर रेडिओ लावतो. सूर्यफुलाच्या बिया वाटीभर देतो. आणखी काय पाहिजे?"

"तुलाही कुणी वाटीभर बिया दिल्या असत्या तर तूही नाचला असतास."

फक्त दुपारी चार वाजता काय बिनसायचं कोण जाणे. चारच्या सुमाराला नाच थांबायचा. तो दांडीच्या टोकाला जायचा, अंग चोरून काठीसारखा बारीक व्हायचा, तुरा ताठ उभा, आणि नजर दाराकडे. मग ओरडायला लागायचा. ते ओरडणं कानातून आरपार जायचं. अर्धा तास, कधी पाऊण तास. मी दार उघडलं, बंद केलं. पिंजऱ्यावर चादर टाकली, काढली. बिस्किट दिलं, ते त्याने खाली टाकलं. मग आपोआप थांबायचा, आणि नाच परत सुरू.

मार्चच्या शेवटी पिंजऱ्याच्या तळाशी गुलाबी पिसं दिसायला लागली. ग्लेनिस म्हणाली पिसं झडतायत, ऋतू आहे. मीही तेच धरून चाललो. पण झडलेलं पीस अख्खं असतं. ही अर्ध्यात चावलेली होती. एके दिवशी त्याची छाती बघितली तर तळहाताएवढा भाग उघडा पडलेला, सोललेल्या कोंबडीसारखा, आणि दांडीवर रक्ताचे दोन थेंब. नोलीनने एकच वस्तू माझ्यावर सोपवली होती. खरं म्हणजे तिने सोपवलीही नव्हती.

पक्ष्यांची डॉक्टर ॲडलेडला होती, अडीच तासांची वाट. पास्टीने वाटभर चोच उघडली नाही. डॉक्टर थुई लाम तरुण, ठेंगणी, हातावर जुन्या ओरखड्यांची जाळी. तिने पिंजऱ्याला लगेच हात लावला नाही. बाजूला स्टूल घेऊन बसली आणि माझ्याशी बोलत तिरक्या नजरेने त्याच्याकडे बघत राहिली.

"पिसं उपटतो," मी म्हटलं. "पण मनाने खूश आहे हो. नाचतो." आणि फोन काढून दाखवला.

तिने ते चित्रण दोनदा बघितलं. "कीथ, गाणं कुठे सुरू होतं यात?"

"हे काय, इथे."

"तो त्याच्या आधीपासून हलतोय. तीन पावलं, मान, तीन पावलं, मान. तुम्ही द्राक्ष पुढे धरलंय ना? त्याने बघितलं तरी का?"

मी पुन्हा बघितलं. माझा हात पिंजऱ्याच्या गजाशी, बोटात द्राक्ष, आणि पास्टी त्या हातासमोरून जातोय, येतोय, जातोय.

"खेळणारा गलाह द्राक्षासाठी थांबतो," ती म्हणाली. "हा नाच नाही. माणूस अस्वस्थ झाला की खोलीत येरझाऱ्या घालतो, तसं आहे हे."

क्लबातल्या सोळा-सतरा जणांना मी ते दाखवलं होतं. सगळे हसले होते. सगळ्यात मोठ्याने मी.

तिने रक्त तपासायला घेतलं. चोचीचा रोग नाही, पिसांचा नाही, पोटात काही नाही, असं दोन तासांनी सांगितलं. म्हणजे दुखणं अंगातलं नव्हतं. मग मी सगळं नीट विचारून घ्यायचं ठरवलं.

"तुरा उभा केला म्हणजे काय?"

"दचकला असेल. किंवा आनंद झाला असेल."

"दोन्ही?"

"किंवा चिडला असेल."

"एक पाय पोटाशी घेऊन उभा राहिला तर?"

"आरामात असेल. किंवा बरं वाटत नसेल."

"बाई, आमच्या कारखान्यात लाल दिवा लागला की पळायचं, हिरवा लागला की थांबायचं. इथे एका दिव्याचे चार-चार अर्थ!"

ती हसली. पहिल्यांदाच हसली. "दिवा एकटा बघू नका ना. अख्खा पक्षी बघा. तुरा ताठ आणि पिसं अंगाला घट्ट चिकटलेली, अंग बारीक झालेलं, तर भ्यालाय, ताणात आहे. तोच तुरा वर, पण अंग सैल, गालाची पिसं फुगून चोचीवर आलेली, तर मजेत आहे. आणि प्रत्येक वेळी बघा की त्याच्या अगदी आधी काय झालं. तो काहीही उगाच करत नाही. आपल्याला मागचं दिसलेलं नसतं, एवढंच."

रेडिओ बंद करायचा, बिया कमी, भाज्या जास्त, चावायला निलगिरीच्या ताज्या फांद्या. आणि शक्य असेल तर त्याला काही दिवस त्याच्या जुन्या घरी न्यायचं. ही शेवटची गोष्ट मी कानाआड केली. नोलीनच्या रिकाम्या घरात जाऊन राहायची माझी छाती नव्हती.

त्याऐवजी मला वाटलं, सरळ आहे, त्याला नोलीन पाहिजे. वृद्धाश्रमाची परवानगी काढली आणि एका दुपारी त्याला घेऊन गेलो. नोलीन खिडकीशी चाकांच्या खुर्चीत होती. तिला बघताच पास्टीने मान खाली घातली, डोक्यावरची पिसं विस्कटली आणि गजाशी डोकं टेकवलं. तिने डाव्या हाताचं बोट आत घालून त्याची मान खाजवली. दोघंही डोळे मिटून. मी मनात म्हटलं, झालं, सुटलं कोडं.

चार वाजले. पास्टीची पिसं एकदम आवळली. तो दांडीच्या टोकाला गेला, दाराकडे तोंड केलं आणि ओरडायला लागला. मी नोलीनकडे बघितलं, तर तीही दाराकडे बघत होती. दारात कुणी नव्हतं. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

"काय झालं, नोल? कुणी यायचंय का?"

"नाही. नाही. नाही."

नर्स धावत आली. बाजूच्या खोलीतले म्हातारे घाबरले होते. मी पिंजरा उचलून बाहेर पडलो. गाडीत बसल्यावर मला काही म्हणता काही कळेना. त्याला नोलीन हवी होती, तर नोलीन समोर असताना तो कुणासाठी ओरडत होता? आणि तिला काय झालं?

मग मात्र मी डॉक्टरांचं ऐकलं. एप्रिलच्या तिसऱ्या आठवड्यात बॅग भरून नोलीनच्या घरी राहायला गेलो. पिंजरा स्वयंपाकघरात, त्याच्या जुन्या जागी ठेवला. घर कोंदटलेलं होतं, सगळीकडे धूळ. पण मागच्या अंगणात गेलो आणि उभाच राहिलो. टोमॅटोची झाडं हिरवीगार, लाल फळांनी वाकलेली. तो उन्हाळा असा होता की माझ्या अंगणातलं गवत कागदासारखं चुरचुरायचं. दोन महिने या घरात कुणी नव्हतं. मला वाटलं, ग्लेनिस पाणी घालत असेल, भली बाई.

दुसऱ्या दिवशी चारला पाच मिनिटं कमी असताना मी टेबलाशी बसून पास्टीकडे बघत होतो. आता आवळणार, आता ओरडणार. त्याने तुरा उभा केला. पण अंग सैलच राहिलं. गालाची पिसं फुगली, चोच अर्धी झाकली गेली. शेपटी दोनदा झटकली आणि गळ्यातल्या गळ्यात काहीतरी कुजबुजायला लागला. मला कधी न ऐकवलेला आवाज. मग मागच्या फाटकाची कडी वाजली.

मी खिडकीतून बघितलं. सत्तरी ओलांडलेला एक माणूस, खांदे रुंद, डोक्यावर मच्छीमारांची लोकरी टोपी, हातात बादली. नळाशी गेला, बादली लावली, आपल्याच घरात असल्यासारखा. मी दार उघडलं.

"कोण तुम्ही?"

तो दचकला नाही. बादली भरू दिली, नळ बंद केला, मग टोपी काढली. "कोराडो. टोमॅटोला पाणी घालायला येतो."

"कुणी सांगितलं?"

"कुणी नाही. वाळले असते." मग माझ्या खांद्यावरून आत बघत म्हणाला, "तो आलाय का? आवाज ऐकला मी."

मी काही बोलायच्या आत तो आत आला. पास्टी गजाला लटकून, पंख अंगापासून जरा लांब धरून, डोकं खाली घालून तयारच होता. कोराडोने पिंजऱ्याचं दार उघडलं आणि उघडी छाती बघून त्याचा हात थांबला. इटालियनमध्ये काहीतरी हळू बोलला. पास्टी त्याच्या मनगटावरून चढून खांद्यावर गेला आणि त्याच्या कानाशी डोकं खुपसून बसला. मी दोन महिने त्याला हातावर घ्यायचा प्रयत्न करत होतो. माझ्या अंगठ्यावर तीन खुणा आहेत.

"तुम्ही इथे रोज येता?"

"चार वाजता. बोटीचं काम आटपलं की."

"कधीपासून?"

त्याने बोटं मोजली नाहीत. "अकरा वर्षं होतील."

अकरा वर्षं मी दर रविवारी याच टेबलाशी जेवलो होतो. नोलीन वाढायची, मी फुटबॉलबद्दल बोलायचो.

"काय करायचात इथे?"

"कॉफी प्यायचो. पत्ते खेळायचो. ती फसवायची." एवढं बोलून त्याने माझ्याकडे पाठ फिरवली. पण मग स्वतःच म्हणाला, "माझी बायको नऊ वर्षं अंथरुणावर होती. मला ओळखायची नाही. मी सकाळ-संध्याकाळ तिच्याजवळ असायचो. मधला एक तास इथे. तीन वर्षांपूर्वी ती गेली."

"मग नंतर का नाही सांगितलंत कुणाला?"

"लपवायची सवय झाली होती," तो म्हणाला. "आणि नोलीनने सांगितलं, कीथला नको."

मी तडक ग्लेनिसच्या दारात गेलो. ती मटार सोलत होती.

"कोराडो म्हणून कुणी..."

"हां, त्याचं काय?"

"तुला माहीत होतं?"

"गल्लीतल्या कुत्र्यांनाही माहीत आहे, कीथ. मीच तर त्याला हॉस्पिटलचं सांगितलं."

"आणि मला?"

तिने सोललेली शेंग खाली ठेवली. "मला वाटलं तुला माहीत आहे आणि तू मुद्दाम तोंडातून काढत नाहीस. तू बोलायचास ना, रॉनच्या खुर्चीबद्दल."

रॉनची खुर्ची. रॉनला पुरून आलो त्या दुपारी, सगळ्यांच्या देखत, चहाचा कप हातात घेऊन मी नोलीनला म्हणालो होतो, "या खुर्चीत दुसरा कुणी बसलेला मला बघवणार नाही हं, नोल." मला ते प्रेमाचं बोलणं वाटलं होतं. ती हसली होती. निदान मी ते हसणं समजलो होतो. त्या खुर्चीत पुढची चौदा वर्षं कुणी बसलं असेल तर रविवारी मी बसलो.

"तू खरंच गलाह आहेस रे," ग्लेनिस म्हणाली, पण चिडवल्यासारखं नाही.

दोन दिवस मी कोराडोशी धड बोललो नाही. तो चारला यायचा, पाणी घालायचा, पास्टीला घेऊन पायरीवर बसायचा. ओरडणं बंद झालं, हे मला कबूल करावं लागलं. मला राग येत होता, पण कुणाचा ते ठरत नव्हतं. बहिणीने मला परका केलं म्हणून? की मीच झालो होतो? पक्षी त्याच्या खांद्यावर चढतो म्हणून मला वाईट वाटत होतं, हेही खरं आहे आणि लाजिरवाणं आहे.

तिसऱ्या दिवशी मी म्हटलं, "चला. तुम्हाला नेतो तिच्याकडे."

त्याने पुढच्या दिवशी दाढी केली, इस्त्रीचा शर्ट घातला. आम्ही दोघं नोलीनच्या खोलीत गेलो. मी पुढे, तो मागे. मी म्हटलं, "नोल, बघ कोण आलंय!"

तिने आधी माझ्याकडे बघितलं. मग त्याच्याकडे. पुन्हा माझ्याकडे. तिचं तोंड वेडंवाकडं झालं. चांगल्या हाताने तिने शाल ओढून उजवा हात झाकला, मान भिंतीकडे वळवली आणि सुरू झाली, "नाही. नाही! नाही! नाही!"

कोराडो उंबऱ्यातच थांबला होता. तो वळला आणि निघून गेला. मी पार्किंगपर्यंत त्याच्या मागे धावलो.

"अहो, ती सगळ्यालाच नाही म्हणते! चहालाही नाही म्हणते!"

"मी अकरा वर्षं तिचं तोंड बघतोय," तो म्हणाला. "तिला नको होतो मी तिथे."

तो पायीच गेला. मी मागे बोललो, ओरडलोच, की असाल मोठे ओळखणारे, मग दोन महिने का फिरकला नाहीत? त्याने मागे बघितलं नाही. दुसऱ्या दिवशी चारला फाटक वाजलं नाही. पास्टीने अंग आवळलं आणि पाऊण तास ओरडला. तिसऱ्या दिवशी पुन्हा पिसं पडली.

मी डॉक्टर थुईंना फोन केला. पक्ष्याचंच सांगायला केला, पण सगळंच सांगून बसलो. तिने मधे तोडलं नाही. शेवटी एवढंच म्हणाली, "बहिणीचं मला काही कळत नाही, कीथ. पास्टीला तो माणूस हवाय. मग माणसाला परत आणा, बाकीचं तुमचं तुम्ही बघा." आणि मग, "ती 'नाही, नाही' ओरडायला लागली त्याच्या अगदी आधी काय झालं होतं?"

मी फोन ठेवला आणि विचार करत बसलो. अगदी आधी? अगदी आधी मी बोललो होतो. 'बघ कोण आलंय', असं, लहान पोराला खेळणं दाखवावं तसं. तिने आधी माझ्याकडे बघितलं होतं. शाल ओढताना ती माझ्याकडे बघत होती.

संध्याकाळी मी एकटाच वृद्धाश्रमात गेलो. तिच्यासमोर स्टूल ओढून बसलो. काय विचारायचं ते वाटेत चांगलं जुळवलं होतं, ते सगळं विसरलो.

"नोल, तू मला भीत होतीस का गं?"

ती माझ्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "नाही."

तो कुठला 'नाही' होता, मला आजही माहीत नाही. मी तिचं सगळं अंग बघितलं, जसं शिकवलं होतं तसं. खांदे, हात, डोळे. काही कळलं नाही. मग तिने डावा हात माझ्या गुडघ्यावर ठेवला. तो हात माफ करणारा होता की गप्प बस म्हणणारा होता, तेही मला कळलं नाही. मी तिथे बसून रडलो, आणि ती हात काढून न घेता खिडकीकडे बघत बसली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी धक्क्यावर गेलो. कोराडो जाळं निवडत होता.

"ती तुम्हाला 'नाही' म्हणाली नाही," मी म्हटलं. "मला म्हणाली असेल. नक्की सांगता येत नाही. पण मी तिथे होतो म्हणून तसं झालं. आज एकटे जा. मी आत येत नाही."

त्याने जाळं निवडणं चालू ठेवलं. "आणि परत तसंच झालं तर?"

"तर मग मला शिव्या द्या. इटालियनमध्ये द्या, म्हणजे मला कळणार नाहीत."

त्या दुपारी मी आणि पास्टी गाडीत बसून राहिलो. खिडक्या उघड्या, पिंजरा बाजूच्या सीटवर. चार वाजले, साडेचार. पास्टी ओरडला नाही, पण निवांतही नव्हता. दर मिनिटाला मान वाकडी करून इमारतीच्या दाराकडे बघायचा. मीही. पाच वाजता कोराडो बाहेर आला. डोळे लाल, शर्टाची एक बाही चुरगळलेली, मुठीत धरून ठेवल्यासारखी. गाडीत बसला. मी गाडी सुरू केली. निम्मी वाट झाल्यावर म्हणाला, "उद्या पत्त्यांचा जोड नेतो."

आता तुम्हाला वाटेल सगळं मार्गी लागलं. पण कोराडो चार वाजता तिच्याकडे जायला लागला, म्हणजे चार वाजता पास्टीकडे कोण येणार? पक्षी पुन्हा बारीक व्हायला लागला. आम्ही दोघं त्याच्यापायी भांडलो. कोराडो म्हणाला पक्षी वृद्धाश्रमात ठेवा, तिथले म्हणाले आठवड्यातून दोनदाच. मी म्हटलं तुम्ही सकाळी येत जा, तो म्हणाला सकाळी मासे माझी वाट बघत नाहीत. शेवटी सोमवार-गुरुवार तिघं जातो. बाकीचे दिवस तो तीनलाच घरी येतो, मग तिच्याकडे. पास्टीला हे पटायला जूनचा निम्मा महिना लागला. येरझाऱ्या कमी झाल्या, पूर्ण थांबल्या नाहीत. छातीवर पांढुरकी लव आली आहे. डॉक्टर म्हणते, मध्यभागी कधीच पिसं येणार नाहीत कदाचित, उपटून उपटून मुळं गेली असतील. मी माझं घर भाड्याने दिलं आणि नोलीनच्या घरी राहतो. रॉनच्या खुर्चीत मी बसत नाही, कोराडोही बसत नाही. ती कुणी हलवतही नाही.

मागच्या शनिवारी कोराडोने निळे खेकडे आणले. तिच्याकडून परतताना तो जेवायला थांबला. आम्ही टेबलावर वर्तमानपत्र पसरून खेकडे फोडत होतो, बाहेर गार वारा सुटला होता, आणि पास्टी पिंजऱ्याबाहेर माझ्या खुर्चीच्या पाठीवर बसला होता. माझ्या. मी हलायची हिंमत करत नव्हतो. एकाएकी माझ्या कानामागे करकर, करकर असा आवाज सुरू झाला, कुणी दगडावर दगड घासावा तसा. मी हळूच मान वळवली. त्याचे डोळे अर्धे मिटलेले, चोचीवर चोच घासत होता.

"हे काय आता?" मी कुजबुजलो. "दात... चोच खातोय तो. कोराडो, फोन दे इकडे. डॉक्टरना विचारतो."

"खाली ठेव फोन."

"अरे पण आवाज ऐक ना!"

कोराडोने खेकड्याची नांगी चोखून बाजूला ठेवली. "झोप आलीय त्याला. झोपायच्या आधी करतात तसं, खूश असले की. आता जरा गप्प बसशील का?"

नांगी माझ्या हातात तशीच राहिली होती, फोडली असती तर आवाज झाला असता.